जसपाल भट्टी: सरकारी पडद्यावरचा साळसूद चेहरा

तिसरीघंटा (धागाकर्ता):

गेल्या आठवड्यात तीन रात्री जागून 'फ्लॉप शो'चे दहाही भाग पाहिले. १९८९ साली ते दूरदर्शनवर लागले तेव्हा मी सहावीत होतो. पगडीवाले एक काका सरळ चेहऱ्याने काहीतरी तिरपागडं बोलतात आणि घरातली मोठी माणसं हसतात, एवढंच तेव्हा कळलं होतं. या वेळी मीही हसलो, पण प्रत्येक भाग संपल्यावर जरा वेळ गप्प बसून राहिलो. असं का झालं, ते शोधायला हा धागा काढतोय.

ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जसपाल भट्टी मूळचे अमृतसरचे, जन्म १९५५चा. चंदीगडच्या पंजाब इंजिनिअरिंग कॉलेजातून इलेक्ट्रिकल इंजिनिअर झाले. तिथेच त्यांनी 'नॉनसेन्स क्लब' काढला आणि भ्रष्टाचारावर रस्त्यात नाटुकली करायला लागले. पुढे 'ट्रिब्यून'मध्ये व्यंगचित्रं काढली. दूरदर्शनचं सकाळचं प्रसारण फेब्रुवारी १९८७ मध्ये सुरू झालं, त्यात त्यांचे 'उलटा पुलटा'चे काही मिनिटांचे तुकडे लागायचे. त्यातून देशभर ओळख झाली आणि मग 'फ्लॉप शो' आला. निर्मिती पत्नी सविता भट्टी यांची, आणि बहुतेक भागांत पडद्यावरची बायकोही त्याच. सोबत विवेक शौक, बी. एन. शर्मा अशी पंजाब-चंदीगडकडची मंडळी.

त्या काळी दूरदर्शनच्या कार्यक्रमाला एक ठरलेलं वळण असायचं. पाहणाऱ्याला काहीतरी शिकवूनच उठू द्यायचं. 'हम लोग'च्या प्रत्येक भागाच्या शेवटी अशोककुमार यायचे आणि आज कोण कुठे चुकलं ते समजावून सांगायचे. आम्हाला ते आवडायचंही. भट्टींनी नेमकी तीच जागा उलटी फिरवली. भाग ज्या लोकांवर बेतलेला, त्यांनाच तो आदराने अर्पण. श्रेयनामावलीत दिग्दर्शनाच्या जागी 'मिसडायरेक्शन'. आणि शेवटी उपदेश नाही, तर हिंदी सिनेगीताच्या चालीवर विडंबन. बोध काय घ्यायचा ते तुम्ही बघा.

पण मला याहून मोठी वाटते ती दुसरी गोष्ट. त्याच सुमाराच्या मालिका आठवा. 'रजनी'तली प्रिया तेंडुलकर लढायची. 'वागले की दुनिया'तला वागले सोसायचा. पाहणारा रजनीबरोबर लढायचा नाहीतर वागलेबरोबर सोसायचा, आणि दोन्हीकडे तो स्वतः निर्दोषच राहायचा. भट्टी बहुतेक वेळा टेबलाच्या पलीकडे जाऊन बसले. औषधांची खोटी बिलं लावणारा नोकरदार ते, विद्यार्थ्याला घरगड्यासारखा राबवणारा पीएच.डी.चा गाइड ते, नुसत्या वाळूवर बांधकामं उठवणारा ठेकेदारही तेच. खलनायकाची वर चढलेली भुवई नाही, लबाडाचं हसू नाही. शेजारचा सज्जन गृहस्थ संध्याकाळी फाटकाशी उभा राहून दोन शब्द बोलतो ना, तसा सूर. भ्रष्ट माणूस बाहेरून असाच दिसतो, हे पडद्यावर त्याआधी मी पाहिलं नव्हतं.

हे सरकारी वाहिनीवर कसं काय चाललं? आणि आज इतक्या वाहिन्या असताना कुणी हे का करत नाही? तुमची मतं वाचायला आवडतील.

-----

निळीशाई:

वाखूसा (वाचनखूण साठवली). माझा जन्म नंतरचा, त्यामुळे भट्टी फक्त नावाने माहीत होते. दोन भाग बघून सविस्तर लिहिते.

-----

सातबारा:

लेखन आवडलं, पण मूळ मुद्द्याशी सहमत नाही.

१९८९ म्हणजे कोणतं साल, ते आठवून बघा. बोफोर्सने देश ढवळून निघाला होता, वर्षअखेरीला लोकसभेची निवडणूक होती, आणि दूरदर्शनच्या बातम्या म्हणजे पंतप्रधान कुठे गेले, कुणी फीत कापली, कुणी भूमिपूजन केलं. अशा वर्षी भट्टींनी कुणाला धरलं? टेलिफोन खात्याला, प्रोफेसरला, ठेकेदाराला, मीटिंगा भरवणाऱ्या साहेबाला. फार तर प्रमुख पाहुणा होण्याची हौस असणाऱ्या माणसाला. खऱ्या सत्तेच्या अंगाला बोटही लावलं नाही. मला तर हे कुकरच्या शिट्टीसारखं वाटतं. वाफ तेवढी जाते, झाकण जागच्या जागी राहतं. सरकारने ते चालू दिलं यात नवल काय? लोक आठवड्याला अर्धा तास लाइनमनवर हसले, की उरलेल्या वेळात मंत्र्यावर चिडायचे कमी.

भट्टींच्या अभिनयाबद्दल मला आदर आहे. पण 'सरकारी वाहिनीला आव्हान' वगैरे म्हणताना जपून म्हणावं.

-----

जुनीपेटी:

मी त्या वर्षांत एका खाजगी संकलन कक्षात कामाला होतो. दूरदर्शनच्या प्रायोजित मालिका आमच्याकडे यू-मॅटिक टेपवर जोडल्या जायच्या. त्यामुळे धाग्यातल्या 'कसं चाललं' या प्रश्नावर माझ्याकडे थोडं सांगण्यासारखं आहे.

१९८४ला 'हम लोग' प्रायोजकाच्या पैशावर निघाली आणि दूरदर्शनचं सगळं गणित बदललं. निर्मात्याने कथेचा सारांश द्यायचा, पटकथा द्यायची, नमुन्याचा भाग करून दाखवायचा. मंजुरी मिळाली की खर्च त्याचा. बदल्यात जाहिरातीचा वेळ. म्हणजे कार्यक्रम बनायचा बाहेर, पण टेप आत गेल्यावर तिथल्या माणसांनी पाहून 'ठीक' म्हटल्याशिवाय ती लागायची नाही. त्या खोलीत राजकीय नाव, पक्षाचं चिन्ह, धर्माचा उल्लेख यांवर सगळ्यांचे कान टवकारलेले असायचे. निर्मात्यांनाही ते ठाऊक असल्यामुळे बहुतेक जण घरून निघतानाच कात्री लावून निघत.

आता भट्टींची टेप डोळ्यांपुढे आणा. कुणाचं नाव नाही, पक्ष नाही, आक्षेप घ्यावा असं एक वाक्य वेगळं काढून दाखवता येत नाही. सगळा डंख सुरात आहे. 'हे वाक्य काढा' असं सांगायला आधी वाक्य तर सापडलं पाहिजे! आम्ही संकलन करणारे या गोष्टीवर तासन्‌तास बोलायचो. विनोद वाक्यात असेल तर तो कापता येतो. वाक्य आणि चेहरा यांच्या मधल्या फटीत असेल तर कात्री कुठे लावणार?

आणि हेही बघा, की मालिका काढणाऱ्या निर्मात्यांवरही त्यांनी एक भाग केलाय. ज्या दारातून आत आले, त्या दाराचीही त्यांनी गय केली नाही.

-----

तिसरीघंटा (सातबारा यांना):

कुकरच्या शिट्टीचा मुद्दा मी दोन दिवस डोक्यात घोळवला.

मंत्र्यावर टीका करणं तेव्हा धोक्याचं होतं, हे खरंच. पण मंत्र्यावर टीका ऐकणं पाहणाऱ्याला सोयीचंही असतं, हे विसरू नका. मंत्री लांब असतो. सगळा दोष त्याच्या माथी मारला की आपण हात झटकून जेवायला बसतो. भट्टी ही पळवाट बंद करतात. त्यांचा खोटी बिलं लावणारा माणूस कुणी बडा अधिकारी नाही, तो तुमच्या-आमच्या सोसायटीतला आहे. त्याची बायको, शेजारी, दुकानदार, डॉक्टर, सगळे त्यात आनंदाने सामील आहेत. सत्ता फक्त दिल्लीत असते असं आपण मानलं तरच भट्टी सत्तेला भिडले नाहीत असं म्हणता येईल. विद्यार्थ्यासाठी सत्ता म्हणजे गाइडची सही. घर बांधणाऱ्यासाठी सत्ता म्हणजे ओव्हरसीअरचा शेरा.

-----

मीठभाकर:

सहसा मी इथे फक्त वाचतो. पण औषधांच्या बिलांचा विषय निघाला म्हणून लिहितोय.

मी एका सरकारी खात्यात कारकून होतो, आता निवृत्त. खात्याचं नाव देत नाही. औषधोपचाराच्या खर्चाची भरपाई मिळायची. आमच्या कॉलनीच्या कोपऱ्यावर एक औषधाचं दुकान होतं, तो बिल करून द्यायचा. त्या बिलावर मी काय काय आणलं ते लिहायला आज हात जड होतोय. दूध पावडर, अंगाचे साबण, एकदा तर मुलीसाठी कंपासपेटी. बिलावर नाव टॉनिकचं. ऑफिसात हे कुणालाच चोरी वाटत नव्हतं. ज्याला जमत नसे त्याला आम्ही भोळा म्हणायचो.

तो भाग लागला त्या संध्याकाळी घरात आम्ही चौघं आणि शेजारचे तिघं होतो. त्यांच्याकडे टीव्ही नव्हता. भट्टी बिलं लावत होते, सगळे खो-खो हसत होते आणि मीही हसलो. बायको हसली नाही, एवढं लक्षात राहिलं. ती माझ्याकडे बघतही नव्हती, समोर पडद्याकडेच बघत होती.

दुसऱ्या दिवशी ऑफिसात जो तो त्याच भागाबद्दल बोलत होता, आणि प्रत्येक जण दुसऱ्या कुणाचं तरी नाव घेत होता.

त्या भागामुळे मी हे सोडलं असं म्हणालो तर ते खोटं होईल. त्यानंतरही दोन वर्षं बिलं लावली. पण त्याआधी बिलावर सही करताना माझ्या मनात काही येत नसे. त्यानंतर दर वेळी ते पगडीवाले डोळ्यांसमोर यायचे, शांतपणे बघत असायचे. सातबारा साहेब, तुमची शिट्टी असेलही. माझ्या घरात मात्र वाफ बाहेर गेली नाही, आतच कोंडली.

-----

शेवंती:

मीठभाकर काका, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. तुमचा प्रतिसाद वाचल्यावर माझंही सांगावंसं वाटतंय.

पीएच.डी.चा भाग मी स्वतः पीएच.डी. करत असताना पाहिला, वसतिगृहात, सहा जणी एका लॅपटॉपभोवती. तोपर्यंत प्रक्षेपणाला वीस वर्षं होऊन गेली होती. माझ्या गाइडच्या घरच्या विजेच्या बिलाच्या रांगेत मी उभी राहिलेली आहे. त्यांच्या मुलाच्या शाळेच्या प्रकल्पाची चित्रं मी रंगवलेली आहेत. प्रकरण तपासून द्यायला त्यांनी आठ महिने लावले, आणि त्या आठ महिन्यांत मी एकदाही आवाज चढवला नाही. आम्ही सहाही जणी पहिली पाच मिनिटं हसलो. मग एक मैत्रीण म्हणाली, "सर असेच बोलतात गं. इतकेच गोड." आणि नंतर खोलीत कुणी फारसं बोललं नाही.

तिसरीघंटा म्हणतात तो सज्जन सूर म्हणजे हाच गोडवा. छळणारा ओरडत असता तर तक्रार तरी करता आली असती.

आता एक तक्रारही नोंदवते. सविता भट्टींबद्दल आपण इथे एका ओळीत बोलून पुढे गेलो. निर्मितीची बाजू सांभाळून भागामागून भाग त्या पडद्यावर उभ्या राहिल्या, आणि भट्टींचा सपाट सूर खुलतो तो त्यांच्या चटपटीत, घाईच्या बोलण्यासमोर. दोघंही सपाट बोलले असते तर काहीच उभं राहिलं नसतं. दुसरं म्हणजे, बायको म्हटली की साड्या, खरेदी, माहेर या धर्तीचे विनोद तिथेही येतात. 'उलटा पुलटा'त तर आणखी. बाकी सगळीकडे इतकी तीक्ष्ण असलेली नजर घराच्या उंबऱ्यापाशी बोथट होते. भट्टी मला प्रिय आहेत म्हणूनच हे टोचतं.

-----

तिसरीघंटा:

शेवंतीताई, दोन्ही मुद्दे मान्य. सविताबाईंबद्दल मी सविस्तर लिहायला हवं होतं.

-----

कलम१९:

धाग्यात प्रक्षेपणाच्या नियमांचा विषय आलाय, तर त्याची पार्श्वभूमी मांडतो. थोडं लांबेल.

आणीबाणीत आकाशवाणी-दूरदर्शनचा जो वापर झाला, त्यानंतर वर्गीस समितीने १९७८ साली स्वायत्त 'आकाश भारती'ची शिफारस केली. ती तशीच बासनात राहिली. प्रसार भारतीचा कायदा १९९०चा, आणि तो अमलात आला १९९७ला. म्हणजे 'फ्लॉप शो' लागला तेव्हा दूरदर्शन सरळसरळ माहिती व प्रसारण मंत्रालयाच्या हाताखाली होतं. दुसरी वाहिनी निवडण्याची सोय पाहणाऱ्याला नव्हती आणि बनवणाऱ्यालाही नव्हती.

त्या काळात काय अडवलं गेलं ते बघितलं की भट्टींचं वेगळेपण कळतं. १९८८च्या सुरुवातीला 'तमस' दाखवली जात असताना ती थांबवण्यासाठी मुंबई उच्च न्यायालयात अर्ज झाला. न्यायमूर्तींनी मालिका स्वतः पाहिली आणि प्रसारण चालू राहू दिलं. सर्वोच्च न्यायालयानेही तेच कायम केलं. दुसरं उदाहरण भोपाळच्या वायुकांडावरच्या 'बियाँड जेनोसाइड' या माहितीपटाचं. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला, तरी दूरदर्शनने तो दाखवायला नकार दिला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि १९९२ साली निकाल माहितीपटाच्या बाजूने लागला. सरकारी माध्यमाने नकार द्यायचा तर त्याला घटनेच्या चौकटीत बसणारं कारण लागतं, आणि ते इथे नव्हतं. पुढे ९ फेब्रुवारी १९९५ला क्रिकेट प्रक्षेपणाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की प्रक्षेपणाच्या लहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, त्यावर सरकारची मक्तेदारी असू शकत नाही.

आता हे शेजारी शेजारी ठेवून बघा. गंभीर आवाजात, पुराव्यासकट केलेला आरोप दारातच अडतो आणि त्याला कोर्टाची पायरी चढावी लागते. त्याच दारातून त्याच वर्षांत भट्टींचा ठेकेदार आरामात आत येतो आणि सरकारी कामं कशी होतात ते देशाला दाखवून जातो. जुनीपेटी यांनी वाक्य आणि चेहऱ्यामधली फट म्हटली, ती कायद्याच्या बाजूनेही तशीच आहे. नियम शब्दांसाठी लिहिलेले असतात.

'रजनी'च्या वेळी टॅक्सीचालक संतापून दूरदर्शनवर चालून गेले होते, कारण तिथे आरोप स्पष्ट होता. भट्टींवर चालून कोण येणार? जो येईल त्याला आधी 'तो मीच' असं म्हणावं लागेल.

-----

आडवाटे:

कलम१९, माहितीपूर्ण प्रतिसाद.

मला वाटतं आपण मराठी माणसांनी भट्टींकडे बघताना आपल्या सोंगाड्याला विसरू नये. गण, गवळण, मग बतावणी, मग वग. बतावणीत आणि वगात सोंगाड्या गावच्या पाटलासमोर, प्रसंगी मामलेदारासमोर त्याचीच टर उडवायचा आणि पाटील पहिल्या रांगेत बसून हसायचा. 'विच्छा माझी पुरी करा'मध्ये दादा कोंडक्यांनी त्या दिवशीचं राजकारण त्या दिवशीच्या प्रयोगात ओढून आणायचा जो प्रघात पाडला, तो याच परंपरेतला. सत्तेने दिलेल्या चौकात उभं राहून सत्तेची खोडी काढायची ही कला आपल्याला नवी नाही. भट्टींनी ती पडद्यावर नेली असं मी म्हणेन.

-----

जुनीपेटी:

आडवाटे, तुलना आवडली, पण एका जागी ती मला अडते. सोंगाड्या प्रेक्षकाशी संधान बांधून असतो. राजाशी बोलता बोलता तो मान वळवतो आणि आपल्याला सामील करून घेतो. आपण त्याच्या बाजूचे होतो. भट्टी कधीच मान वळवत नाहीत. 'मी गंमत करतोय बरं का' ही खूण ते देतच नाहीत. कॅमेऱ्यात बघून निवेदन करताना सुद्धा त्यांचा चेहरा कार्यालयीन परिपत्रक वाचणाऱ्यासारखा. त्यामुळे आपण कुणाच्या बाजूला आहोत हे आपल्याला स्वतःला ठरवावं लागतं.

पडद्यावर याला जास्त धार येते, कारण त्या पडद्यावर अशाच सरळ चेहऱ्याने खऱ्या बातम्या वाचल्या जात होत्या. उद्घाटन झालं, उद्दिष्ट पूर्ण झालं, उत्पादन वाढलं. तोच सूर भट्टींनी उचलला आणि त्यात ठेकेदाराचा हिशोब भरला. एकदा तो सूर असा ऐकला की रात्रीच्या बातम्या पूर्वीच्या कानांनी ऐकता येत नाहीत. सातबारा विचारतात ना, मंत्र्याला का धरलं नाही? माझ्या मते मंत्र्याचा आवाजच धरला होता.

-----

सातबारा:

जुनीपेटी, शेवटची ओळ दोनदा वाचली. सूर आणि बातम्या यांचा हा धागा माझ्या लक्षात आला नव्हता. इतकं मी मागे घेतो.

पण एक माझ्याकडूनही. भट्टींचं जे काम मला सर्वांत धाडसी वाटतं ते टीव्हीवरचं नाही, चंदीगडच्या रस्त्यावरचं आहे. 'नॉनसेन्स क्लब' त्यांनी कॉलेजनंतर सोडला नाही. देशभर नाव झाल्यावरही ते चौकात उभे राहून महागाईवर, निवडणुकांवर सोंगं काढत राहिले. २००९च्या लोकसभा निवडणुकीआधी त्यांनी 'रिसेशन पार्टी' नावाचा पक्षच जाहीर केला होता. तिथे ना टेप बघणारी खोली, ना मंजुरी. समोर खरे मतदार आणि खरे पोलीस. प्रसिद्धी मिळालेला माणूस सहसा रस्त्यावरून मंचावर जातो आणि मग रस्ता विसरतो. हे विसरले नाहीत.

शेवटही कामावर असतानाच झाला. 'पॉवर कट' हा त्यांचा पंजाबी सिनेमा, विषय वीजटंचाई. म्हणजे इलेक्ट्रिकल इंजिनिअर फिरून आपल्या विषयाकडे आला होता. २५ ऑक्टोबर २०१२ला, प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी, प्रचाराच्या दौऱ्यात जालंधर जिल्ह्यात शाहकोटजवळ गाडीला अपघात झाला. वय ५७. पद्मभूषण मिळालं ते पुढच्या वर्षी, मरणोत्तर.

-----

निळीशाई:

बघून आले. चार भाग झाले.

खरं सांगते, पहिला भाग मला फार संथ वाटला. आम्ही मोबाइलवर अर्ध्या मिनिटात हशा घेणाऱ्यांना ऐकत मोठे झालो. इथे दोन मिनिटं माणूस नुसता फोन लावतोय! पण तिसऱ्या भागापर्यंत त्या संथपणाची सवय झाली आणि मग मीटिंगच्या भागात माझ्याच ऑफिसातली आठवड्याची बैठक दिसायला लागली. एकही काम होत नाही आणि चहा-बिस्किटं मात्र वेळेवर येतात.

प्रश्न असा, की आज इंटरनेटवर याहून कितीतरी थेट बोलणारे आहेत. नावं घेऊन बोलतात. मग तुम्ही सगळे याला इतकं मोठं का मानता?

-----

तिसरीघंटा (निळीशाई यांना):

चांगला प्रश्न.

आजचे थेट बोलणारे धाडसी आहेत यात शंका नाही, आणि त्याची किंमतही मोजतात. जानेवारी २०१६ मध्ये एका बाबाची टीव्हीवर नक्कल केली म्हणून विनोदी नट किकू शारदाला हरियाणा पोलिसांनी अटक केली होती, ते आठवत असेल. म्हणजे वाहिन्या वाढल्या तरी भीती संपली नाही. फक्त पूर्वी टेप दारात अडायची, आता टेप दाखवल्यावर माणूस अडतो.

पण फरक दुसरीकडे आहे असं मला वाटतं. आज जो विनोद करतो त्याला ऐकणारे त्याच्या मताचेच असतात. ज्याच्यावर विनोद आहे तो दुसरीकडे दुसरं काही बघत असतो. १९८९ला एकच पडदा होता. ठेकेदार, ओव्हरसीअर, ज्याचं घर गळतंय तो, आणि ज्याने सिमेंट खाल्लं तो, सगळे त्याच मिनिटाला तोच चेहरा बघत होते. दुसऱ्या दिवशी एकाच ऑफिसात समोरासमोर बसत होते. मीठभाकर काकांनी लिहिलंय बघा, जो तो दुसऱ्याचं नाव घेत होता. नाव घ्यायला लावलं, एवढं त्या अर्ध्या तासाने केलं. मक्तेदारी वाईटच होती, कलम१९ यांनी दाखवलेला इतिहास मला पुसायचा नाही. पण त्या मक्तेदारीने नकळत सगळ्यांना जे एकत्र बसवलं होतं, त्याचा इतका नेमका उपयोग करणारा दुसरा माणूस मला आठवत नाही.

संथपणाबद्दल: व्यंगचित्रकार होते ना ते. चित्र एकदम दाखवत नाहीत. आधी चौकट आखतात, मग टेबल, मग खुर्ची, मग खुर्चीत माणूस. शेवटची रेघ पडेपर्यंत थांबायला लावतात.

-----

शेवंती:

अवांतर: हे भाग पुढच्या पिढीला दाखवायचे असतील तर कृपया कापलेले तुकडे दाखवू नका, अख्खा भाग दाखवा. अर्पणपत्रिकेपासून शेवटच्या गाण्यापर्यंत. तुकड्यांमध्ये तो नुसता एक गमतीशीर सरदारजी उरतो. त्या साच्याविरुद्ध तर हा माणूस आयुष्यभर उभा होता. चुटक्यांमधला सरदारजी बावळट असतो. भट्टींची माणसं हिशोबात पक्की असतात.

-----

आडवाटे:

शेवंतीताई, +१. हे कुणीतरी लिहायला हवंच होतं.

-----

मीठभाकर:

तुम्हा सगळ्यांचे प्रतिसाद वाचून काल धीर केला. मुलगी माहेरी आली आहे, तिला घेऊन तो बिलांचा भाग पुन्हा पाहिला. ती आता स्वतः एका कार्यालयात लेखा विभागात आहे, इतरांची बिलं तपासून पास करते. कंपासपेटीचं मी तिला कधी सांगितलं नव्हतं, ते काल सांगितलं. ती थोडा वेळ काही बोलली नाही.

मी तिला म्हटलं, त्या दिवशी सगळ्यांबरोबर मीही हसलो होतो, त्याची आता लाज वाटते.

ती म्हणाली, "नाही बाबा, तुम्ही हसला नव्हतात. मी तुमच्या मांडीला टेकून बसले होते. तुम्ही मध्येच उठून पाणी प्यायला आत गेलात, आणि गाणं लागलं तेव्हा परत आलात."